लबिना मितेव्स्का : भूमिकेची वाट न बघणारी अभिनेत्री

मदर तेरेसांचं जन्मगाव स्कोप्ये. याच मॅसेडोनियन शहरात १९७५ साली लबिना मितेव्स्का यांचा जन्म झाला. 'बिफोर द रेन' (१९९४) या चित्रपटात त्यांनी झमिरा ही अल्बेनियन मुलगी साकारली. त्या चित्रपटाला व्हेनिस महोत्सवाचा 'सुवर्ण सिंह' मिळाला.

पण छोट्या देशात चित्रपट मोजकेच; मग भूमिका येणार कुठून? लबिना यांनी बहीण तेओना आणि भाऊ वूक यांच्यासोबत स्वतःची निर्मितीसंस्थाच काढली.

त्यांच्या २०१९ च्या चित्रपटात पेत्रुन्या ही बेरोजगार तरुणी धार्मिक प्रथेत नदीत टाकलेला क्रॉस पकडते. हा मान फक्त पुरुषांचा, म्हणून गावात गदारोळ होतो. यात निर्मात्या लबिना, आणि पेत्रुन्याची बातमी लावून धरणारी पत्रकारही त्याच!

विचार करा : पेत्रुन्याने क्रॉस परत द्यायला हवा होता का?