रंगमंचावरून कॅमेऱ्यामागे : अमेरिकेत पंधरा मिनिटांच्या मराठी फिल्मला किती खर्च येतो?

न्यू जर्सीत मराठी मंडळाची एकांकिका बसवायला काय लागतं हे मला तोंडपाठ आहे. शाळेचं ऑडिटोरियम, चार माइक, नेपथ्याला प्लायवूड आणि रंग, कुणाच्या तरी बेसमेंटमध्ये दोन महिने तालमी आणि भरपूर चहा. बाकी सगळं माणसांच्या वेळेवर उभं राहतं आणि तो वेळ कुणी मोजत नाही. त्याच सवयीने मी माझ्या पहिल्या शॉर्ट फिल्मला पाच हजार डॉलर धरले. २०२५च्या उन्हाळ्यात तीन दिवसांत शूटिंग झालं, फिल्म पंधरा मिनिटांची झाली आणि सगळं मिळून लागले सोळा हजार. पुण्यात एकांकिका स्पर्धा गाजवून इथे आलेले आणि आता कॅमेऱ्यामागे उभं राहू पाहणारे बरेच जण मला खर्च विचारतात. त्यांच्यासाठी हा हिशेब. आकडे माझ्या फिल्मचे आहेत, तुमचे थोडे इकडे-तिकडे होतील.

पहिला खर्च कॅमेऱ्याचा नाही, इमिग्रेशन वकिलाच्या एका तासाचा आहे. ग्रीन कार्ड किंवा नागरिकत्व असेल तर हा परिच्छेद सोडून द्या. एच-१बी या नोकरीच्या व्हिसावर असाल तर ज्या कंपनीने व्हिसा केला तिच्याशिवाय कुठेही काम करता येत नाही, आणि ‘मी मानधन घेत नाही’ एवढ्याने सुटका होईलच असं नाही. फिल्मला पैसे लावणं वेगळं आणि सेटवर उभं राहून दिग्दर्शन करणं वेगळं. एच-४वर, म्हणजे जोडीदाराच्या व्हिसावर असाल तर कामाचा परवाना हातात आल्याशिवाय काम करता येत नाही. कलाकारांचा ओ-१ व्हिसा आहे, पण त्याच्या अर्जाची सरकारी फी एप्रिल २०२४पासून १,०५५ डॉलर झाली, छोट्या कंपन्यांना ५३०. वकिलाची फी त्याहून कितीतरी जास्त. एका शॉर्ट फिल्मसाठी त्या वाटेला जाऊ नका.

दुसरा खर्च संहितेचा. आपल्याकडे नाटकाच्या प्रयोगाची परवानगी घ्यायची पद्धत आहे, लेखकाला मानधन जातं, आणि मग तीच एकांकिका ‘आपलीच’ वाटायला लागते. प्रयोगाच्या परवानगीत चित्रपटाचे हक्क येत नाहीत. लेखकाशी, लेखक हयात नसतील तर वारसांशी, वेगळा लेखी करार लागतो. मी पाचशे डॉलर दिले. लेखक ओळखीचे होते, तरी कागद केला. महोत्सवाच्या प्रवेशिकेत हक्क तुमच्याकडे असल्याचं तुम्ही सही करून सांगता, तेव्हा हाच कागद पाठीशी असतो.

नाट्यपदांबद्दल थोडं सविस्तर सांगायला हवं, कारण नाटकवाल्याचा पाय इथेच अडकतो. आजोबा गुणगुणतात ते पद जुनं आहे, म्हणजे फुकट आहे, असं आपण धरतो. भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतो. अमेरिकेत १९७८पूर्वी प्रसिद्ध झालेल्या पुष्कळ कृतींना प्रकाशनापासून ९५ वर्षं संरक्षण मिळतं. ‘सौभद्र’ नाटक १८८२चं, त्याचे लेखक अण्णासाहेब किर्लोस्कर १८८५ साली गेले, त्यामुळे त्यातल्या पदांच्या शब्दांना दोन्हीकडे अडचण नाही. पण तुमच्या मोबाइलमध्ये आहे ते रेकॉर्डिंग कुणीतरी नंतर गायलेलं, कुणीतरी ध्वनिमुद्रित केलेलं असतं आणि त्याचा हक्क वेगळा. जुनं पद हवंच असेल तर ओळखीतल्या गायिकेकडून नव्याने गाऊन घ्या आणि तिच्याशीही करार करा. मी तेच केलं. वाद्यमेळासह संगीताचे पाचशे डॉलर झाले, आणि पद ऐकून आजही कुणी विचारलं तर दाखवायला कागद आहे.

तिसरा खर्च कंपनी आणि कागदपत्रांचा. न्यू जर्सीत एलएलसी कंपनी काढायला १२५ डॉलर लागतात, पुढे दरवर्षी अहवालाचे ७५. कॅलिफोर्नियातल्या मित्रांनो, तुमच्याकडे वर्षाला किमान ८०० डॉलर कर आहे, तेव्हा कंपनी कधी काढायची याचा विचार आधी करा. कॉपीराइट नोंदणी ६५ डॉलर, आणि लेखक-मालक एकच असेल तर ४५. करारांचे मसुदे तपासायला वकिलाने सहाशे घेतले.

आता मजुरी. मंडळ ना-नफा संस्था आहे म्हणून तिथे स्वयंसेवक चालतात. नफ्यासाठी असलेल्या कंपनीला अमेरिकन कामगार कायदा स्वयंसेवक ठेवू देत नाही. मंडळातली मुलं प्रेमाने येतात, पहाटे साडेपाचला लाइटचे स्टँड उचलतात, म्हणून तर त्यांचे पैसे द्यायला हवेत. न्यू जर्सीत २०२५ साली किमान वेतन तासाला १५.४९ डॉलर होतं आणि ते दर जानेवारीला बदलतं. चार नट आणि तीन मदतनीस, दहा तासांचा दिवस, प्रत्येकी रोज १६०. पेरोल कंपनीची फी आणि कर धरून ३,९००. विमा आणि कामगार भरपाई मिळून १,१५०. विम्याचं प्रमाणपत्र नसेल तर भाड्याने कॅमेरा देणारे दारातूनच परत पाठवतात. नट ‘सॅग-आफ्ट्रा’ या कलाकार संघटनेचा सदस्य असेल तर तिच्याशी करार करावाच लागतो. छोट्या फिल्मसाठी त्यांचा वेगळा करार आहे, पण अर्ज काही आठवडे आधी घालायचा असतो. न्यूयॉर्क शहरात हातातला कॅमेरा किंवा ट्रायपॉड घेऊन, रस्ता न अडवता शूटिंग केलं तर परवाना लागत नाही. न्यू जर्सीत मात्र गावागणिक नियम बदलतात, टाउनशिपच्या ऑफिसात जाऊन विचारा.

कॅमेऱ्याबद्दल लोक सगळ्यात जास्त विचारतात आणि मला त्याबद्दल सगळ्यात कमी सांगायचं आहे. शुक्रवारी दुपारी उचला, सोमवारी सकाळी परत करा, बरेच दुकानदार एकाच दिवसाचं भाडं लावतात. आठवड्याला तीन दिवसांचं भाडं हीही पद्धत आहे. लाइट आणि लेन्ससकट माझे १,२०० झाले. कॅमेरामनचे तीन दिवसांचे १,५००.

आवाजावर मात्र हात आखडू नका. साउंड रेकॉर्डिस्टने स्वतःच्या सामानासह १,३५० घेतले आणि या फिल्ममधला सगळ्यात सार्थ खर्च तोच. एडिसनमधल्या एका अपार्टमेंटच्या स्वयंपाकघरात सासू-सुनेचा प्रसंग होता. सगळे तयार, लाइट लागलेले. रेकॉर्डिस्टने हेडफोन कानावर दाबला आणि मान हलवली. फ्रिज. आम्हाला कुणालाच ऐकू येत नव्हता, कारण घरात राहणाऱ्याला घराचा आवाज ऐकू येत नाही. त्याने फ्रिज बंद केला आणि माझ्याकडून गाडीच्या किल्ल्या मागून घेऊन आत दुधाशेजारी ठेवल्या. किल्ल्या घेतल्याशिवाय घरी जाता येणार नाही, म्हणजे फ्रिज पुन्हा चालू करायला विसरणार नाही. मग त्याने सगळ्यांना अर्धा मिनिट गप्प उभं केलं आणि त्या खोलीची नुसती शांतता रेकॉर्ड केली. पुढे संकलनात दोन वाक्यांमधली फट भरायला तीच कामी आली. सासूची भूमिका करणाऱ्या काकूंना पंचवीस वर्षांची रंगभूमीची सवय, आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायची. रेकॉर्डिस्टने त्यांच्याच कानाला हेडफोन लावला. त्यांनी स्वतःचा श्वास ऐकला, आणि पुढच्या टेकला तेच वाक्य जवळजवळ पुटपुटल्या. तो टेक फिल्ममध्ये आहे.

नाटकवाल्याकडे असलेलं भांडवल तालमीत आहे, आणि बजेटमध्ये ते वापरायचं असतं. सेटवरचा एक दिवस मला तीन हजारांच्या वर पडला. तालमीचा दिवस त्याच्या पाव खर्चातही होतो, तासांचे पैसे देऊनसुद्धा, कारण तिथे कॅमेरा नाही, लाइट नाहीत, भाड्याचं काही नाही. दिग्दर्शिका मीरा नायर दिल्लीत रंगकर्मी बॅरी जॉन यांच्याकडे नाटक करत, मग हार्वर्डला गेल्या, माहितीपटांकडे वळल्या. आपल्या ‘सलाम बॉम्बे!’च्या शूटिंगआधी रस्त्यावरच्या मुलांची कार्यशाळा घ्यायला त्यांनी त्याच बॅरी जॉनना मुंबईत बोलावलं होतं. १९८८ साली त्या फिल्मला कान महोत्सवात ‘कॅमेरा दोर’ हा पहिल्या चित्रपटाचा पुरस्कार मिळाला. हाताशी असलेली जागाही भांडवलच. आमच्या न्यू जर्सीच्याच दिग्दर्शक केव्हिन स्मिथने ‘क्लर्क्स’ २७,५७५ डॉलरमध्ये केली. दिवसा ज्या दुकानात नोकरी करायचा तिथेच रात्री शूटिंग. बाहेर अंधार दिसू नये म्हणून कुलपात कुणीतरी च्युइंग गम घालून शटर बंद पाडलंय, असं कथेतच लिहून टाकलं. तुमच्या हाताशी एक अपार्टमेंट आणि एक गॅरेज असेल तर गोष्ट तिथेच घडू द्या.

जेवणाला कमी धरू नका. दहा माणसं, दोन वेळा, तीन दिवस. दर सहा तासांच्या आत जेवणाची सुट्टी हा युनियनचा नियम आहे, आणि युनियन नसली तरी तो पाळा. एडिसनच्या ओक ट्री रोडवरून पुरी-भाजी मागवली, पहाटेचे पोहे आमच्या घरून. पेट्रोल आणि हार्ड ड्राइव्ह धरून १,३०० झाले. ड्राइव्ह तीन घ्या. एक संकलकाकडे, एक घरी, एक दुसऱ्याच कुणाच्या घरी.

शूटिंग संपेपर्यंत खिसा रिकामा होतो आणि फिल्म अर्धीच झालेली असते. इथेच अनेकांच्या फिल्म अडून राहिलेल्या मी पाहिल्यात. शूटिंगला हात लावण्याआधी पुढच्या कामाचे पैसे वेगळ्या खात्यात टाका. माझं संकलन पुण्यात झालं, १,१०० डॉलर. इथली संध्याकाळ तिथली सकाळ, त्यामुळे रात्री सूचना पाठवल्या की उठेपर्यंत नवा कट हजर. परदेशात बसून काम करणाऱ्याकडून डब्ल्यू-८बेन हा फॉर्म भरून घ्या. ध्वनिमिश्रण ८००, रंगसंस्कार ६००, सबटायटल्स १५०, थिएटरसाठी डीसीपी प्रत २५०. सबटायटल्स स्वतः करू नका. भाषा आपली असली की आपण शब्दन् शब्द भाषांतरित करतो आणि प्रेक्षकाला चेहऱ्याकडे बघायला वेळच उरत नाही.

महोत्सवांना नऊशे डॉलर गेले, वीस प्रवेशिकांचे. आधी यादी करा आणि त्यात न बसणारे गाळा. कानमध्ये शॉर्ट फिल्म पंधरा मिनिटांपर्यंतच चालते, ऑस्करला चाळीस मिनिटांपर्यंत. ‘देऊळ’चे निर्माते अभिजित घोलप यांच्या पुढाकाराने उभ्या राहिलेल्या नॉर्थ अमेरिकन फिल्म असोसिएशनचा, म्हणजे ‘नाफा’चा, मराठी चित्रपट महोत्सव २०२४ साली सॅन होजेमध्ये भरला. इथे केलेल्या मराठी फिल्मला तिथे आपला प्रेक्षक भेटतो. भारतात थिएटरला लावायची असेल तर सेन्सॉर बोर्डाचं प्रमाणपत्र लागेल. आणि महोत्सव चालू असेपर्यंत फिल्म यूट्यूबवर टाकू नका, बऱ्याच ठिकाणी पहिल्या प्रदर्शनाची अट असते.

मंडळासाठी मात्र बंद दाराआडचा एक खेळ ठेवा, प्रवेशिका पाठवण्याआधीच. आम्ही शाळेच्या त्याच ऑडिटोरियममध्ये ठेवला. आदल्या दिवशी जाऊन प्रोजेक्टरवर फिल्म लावून बघितली, तेव्हा उजवीकडचा स्पीकर बंद असल्याचं कळलं. दुरुस्तीला दुपार गेली. दुसऱ्या दिवशी काकू पहिल्या रांगेत बसल्या होत्या, आणि पुटपुटलेलं ते वाक्य शेवटच्या रांगेत ऐकू आलं.