श्री क्षेत्र खिद्रापूर : कोपेश्वर मंदिराचा इतिहास व शिल्पवैभव

कोल्हापूर जिल्ह्याच्या शिरोळ तालुक्यात, कृष्णेच्या तीरावर श्री कोपेश्वराचे हे पूर्वाभिमुख शिवालय उभे आहे. सतीच्या वियोगाने कोपलेल्या महादेवांना श्रीविष्णूंनी येथे शांत केले, अशी आख्यायिका आहे. म्हणूनच गाभाऱ्यात कोपेश्वर व धोपेश्वर अशी शिव-विष्णूंची दोन लिंगे पूजिली जातात. देवासमोर नंदी नाही. तो सतीसोबत गेला, अशी श्रद्धा असून नदीपलीकडील कर्नाटकातील यडूर येथे त्याचे स्थान दाखविले जाते.

बाराव्या शतकातील कोल्हापूरच्या शिलाहार राजांच्या काळात मंदिराची उभारणी झाली. प्रवेश करताच लागणारा स्वर्गमंडप हे याचे आगळे वैशिष्ट्य होय. बारा खांबांच्या वर्तुळावर तोललेल्या छताचा मध्यभाग मोकळा असून, नेमकी त्याखालीच एक अखंड वर्तुळाकार शिला बसविलेली आहे. होमाचा धूर वर जावा म्हणून ही रचना केली, असे सांगतात. कारण काहीही असो, कार्तिकी पौर्णिमेस चंद्र त्या गवाक्षावर येतो तेव्हा भाविक तेथून सहसा हलत नाहीत. वर्तुळाच्या कडेने कार्तिकेय व अष्टदिक्पाल सवाहन विराजमान आहेत. बाहेरून पाहता मंदिराचा भार पाठीवर पेलणारी हत्तींची रांग, अर्थात गजथर, दिसतो. प्रदक्षिणा सावकाश करावी. प्रत्येक हत्तीवर निराळा स्वार आहे.

घाईत असलेल्या यात्रेकरूंनीही दक्षिण दरवाजाजवळील देवनागरी शिलालेख मात्र चुकवू नये. देवगिरीच्या यादव सिंघणाने शिलाहारांचे राज्य जिंकले आणि लगोलग, शके ११३६ मध्ये, याच देवाच्या पूजेअर्चेसाठी गाव दान दिले. शत्रूने बांधविलेल्या देवालयाची पूजा जेत्याने खंडू दिली नाही, याची ती दगडी साक्ष आहे.

सन २००५, २०१९ व २०२१ च्या महापुरांत कृष्णेने या गावाला वेढले. पाणी ओसरते, परंतु दगडात मुरलेला ओलावा टिकून राहतो आणि त्यावर तेल, शेंदूर वा रंग चढला की शिल्पाचा पापुद्रा सुटू लागतो. हे संरक्षित स्मारक आहे. यास्तव भाविकांना नम्र विनंती की, मूर्तींना तेल-कुंकू लावू नये, खांबांवर नावे कोरू नयेत व शिलालेखाच्या अक्षरांवरून हात फिरवू नये. तेथील कित्येक अक्षरे आताच पुसट झाली आहेत.