डीमॅट उघडलंस, आता एवढं सांभाळ

पहिल्या पगारातून डीमॅट खातं उघडलंस, छान केलंस. आपल्या गिरगावात शेअरचा विषय निघाला की जुनी माणसं अजून हर्षद मेहताच्या घोटाळ्याचं १९९२ साल काढतात आणि पोरांना धाक घालतात. मी धाक घालणार नाही. फोर्टात दलालाच्या बॅक-ऑफिसात माझा जन्म गेला, तिथे जे कळलं ते तुझ्या कानावर घालतो. बाजार पडला तर थांबता येतं. पण आपला माल दलालाने परस्पर हलवला, तर थांबण्यासारखं हाती काही उरत नाही. म्हणून कुठला शेअर घेऊ हे विचारण्याआधी घेतलेला शेअर राहतो कुठे, हे समजून घे.

कार्वीचंच बघ. ते प्रकरण घडलं तेव्हा तू शाळेत होतीस. मूळ हैदराबादची ही फर्म चार्टर्ड अकाउंटंट मंडळींनी १९८०च्या दशकात सुरू केली. आयपीओत शेअर लागले की नाही हे बघायला लोक कार्वीचं नाव घेत, कारण कितीतरी कंपन्यांचं रजिस्ट्रारचं काम तिच्याकडे असायचं. त्या ओळखीवर लोकांनी तिच्याच दलाली शाखेत खाती उघडली आणि पुढे आलेल्या मुखत्यारपत्रावर न वाचता सह्या केल्या.

२२ नोव्हेंबर २०१९ रोजी बाजाराची नियामक असलेल्या सेबीचा आदेश आला. त्याच मुखत्यारपत्रांच्या जोरावर गिऱ्हाइकांचे शेअर कार्वीच्या स्वतःच्या नावाच्या एका डीमॅट खात्यात गेले होते, आणि ते खातं एक्स्चेंजला कळवलेलंच नव्हतं. तिथून ते बँका आणि वित्तसंस्थांकडे तारण पडले. ९५ हजारांहून जास्त गिऱ्हाइकांचा माल, किंमत सुमारे २,३०० कोटी रुपये. एप्रिल २०१६ ते ऑक्टोबर २०१९ या काळात १,०९६ कोटी रुपये समूहातल्याच कार्वी रिअल्टीकडे गेल्याचं एनएसईच्या प्राथमिक अहवालात होतं. २ डिसेंबरला सुमारे ८३ हजार जणांचे शेअर एनएसडीएल या डिपॉझिटरीने त्यांच्या खात्यात वळते केले, आणि त्याच दिवशी दोन्ही एक्स्चेंजनी कार्वीचे व्यवहार थांबवले. बाकीचे ताटकळले. वर्षभराने, २३ नोव्हेंबर २०२० रोजी, एनएसईने तिला डिफॉल्टर ठरवलं. अध्यक्ष सी. पार्थसारथी यांना ऑगस्ट २०२१ मध्ये अटक झाली, आणि २०२३ मध्ये सेबीने फर्मवर व त्यांच्यावर सात वर्षांची बाजारबंदी घातली. साडेतीन दशकांचं नाव वर्षभरात संपलं.

त्यातून घ्यायचं ते हे.

माल कुठे आहे ते स्वतः बघ. तो डिपॉझिटरीत असतो, एनएसडीएल किंवा सीडीएसएलमध्ये. सीडीएसएलचं ऑफिस आपल्या लोअर परळला, ना. म. जोशी मार्गावर आहे. एनएसडीएलही बरीच वर्षं जवळच कमला मिलच्या आवारात होतं. दलालाच्या ॲपवर दलाल दाखवेल ते दिसतं. डिपॉझिटरीच्या साइटवर आपलं वेगळं लॉगिन काढ, ईमेलवर येणारं एकत्रित स्टेटमेंट उघड आणि एकेक शेअर ॲपशी जुळवून बघ. आकडा जुळला नाही तर त्याच दिवशी विचार.

खात्याला मोबाइल आणि ईमेल आपलाच लाव. ‘ताई, माझा नंबर टाकतो, तुम्हाला त्रास नको,’ असं सब-ब्रोकर गोड बोलून म्हणतो. एक्स्चेंजचे आणि डिपॉझिटरीचे मेसेज मग त्यालाच जातात, आणि आपल्या खात्यात काय चाललंय हे आपल्यालाच कळत नाही.

सही करण्याआधी वाच. आता डिपॉझिटरीच्या टीपिन आणि ओटीपीने शेअर विकता येतो, मुखत्यारपत्र द्यायची सक्ती नाही. त्याच्या जागी २०२२ मध्ये डीडीपीआय नावाचं अधिकारपत्र आलं. त्यात दलालाचे अधिकार मोजके असतात, आणि तेही ऐच्छिकच आहे. कोरा फॉर्म तर कुणाच्याही हाती देऊ नकोस.

तारणाचा ओटीपी आला तर थांब. सप्टेंबर २०२० पासून मार्जिनसाठी दिलेले शेअर आपल्याच डीमॅट खात्यात राहतात, त्यांच्यावर फक्त तारणाची नोंद होते, आणि तीही आपल्या संमतीनेच. आपण काही तारण ठेवलं नसेल, तर तो ओटीपी फोनवर कुणालाही सांगायचा नाही.

दलालाकडे पैसा पडू देऊ नकोस. वापरात नसलेली शिल्लक ठरल्याप्रमाणे महिन्याला किंवा तिमाहीला बँकेत परत आली पाहिजे. ती वेळेवर आली का, हे पासबुकात बघ. टाळाटाळ सुरू झाली की समज, पाणी मुरतंय.

महिन्याला ठरावीक टक्के देतो म्हणणाऱ्याला दारातूनच परत पाठव. दलालाला अशी हमी देताच येत नाही. फर्म बुडाल्यावर एक्स्चेंजच्या गुंतवणूकदार संरक्षण निधीतून मर्यादेपर्यंत भरपाई मिळते, पण हमीच्या परताव्याचा दावा तिथे चालत नाही. डब्ब्यात, म्हणजे एक्स्चेंजबाहेर परस्पर केलेल्या सौद्याला तर कुठेच दाद नाही.

कागद जपून ठेव. कॉन्ट्रॅक्ट नोट, लेजर, बँकेची नोंद, तिन्ही एका फाइलीत. तक्रार तोंडी नको, लेखीच कर: आधी दलालाकडे, दाद लागली नाही तर सेबीच्या स्कोअर्स या तक्रार पोर्टलवर. सेबीचा टोल-फ्री नंबर १८०० २२ ७५७५. फर्म डिफॉल्टर ठरली की एक्स्चेंज मुदत घालून दावे मागवतं. ती मुदत चुकवू नकोस.

आणि हे सगळं स्वतःपुरतं ठेवू नकोस. तुझ्या आईचं जुनं खातं दादरच्या सब-ब्रोकरमार्फत उघडलेलं आहे. या रविवारी तिच्याजवळ बस आणि त्या खात्याला मोबाइल नंबर कुणाचा लागलाय, ते आधी तपास.