निगेटिव्ह कुठे आहे, हे आज विचारा

आमचे वडील माहितीपट करायचे. माढेश्वरीची यात्रा, कुर्डुवाडीहून सुटणारी बार्शी लाइटची छोटी गाडी, सगळं १६ एमएमवर. तो मार्ग आता ब्रॉडगेज झाला. ती गाडी धावताना दिसेल ती फितीवरच. ते गेल्यावर माढ्याच्या घरी पत्र्याखालच्या माळ्यावरून रिळांचे डबे उतरवले, तेव्हा झाकण काढताच व्हिनेगरसारखा वास नाकात झोंबला. काही फिती आकसून वाकड्या झालेल्या, काहींचे वेढे एकमेकांना चिकटलेले.

आपल्याकडचा उन्हाळा चाळिशी ओलांडतो, पत्र्याखाली त्याहून जास्त. अशा उष्म्यात ॲसिटेटची फीत आम्ल सोडते आणि एका डब्यातली वाफ शेजारच्या रिळांनाही नासवते. वास येणारे डबे लगेच वेगळे काढा, बाकीचे घरातल्या सर्वांत थंड, कोरड्या खोलीत ठेवा. घरी जुना प्रोजेक्टर असेल, बघायचा मोहही होईल, पण रीळ चढवू नका. आकसलेल्या फितीची भोकं दात्यांवर बसत नाहीत, फाटत जातात. १९५०च्या आसपासची किंवा त्याआधीची ३५ एमएम रिळं असतील तर ती नायट्रेटची असू शकतात. ती भडकन पेटतात, घरात ठेवूच नयेत.

आमचं खरं नुकसान मात्र माळ्यावर झालंच नाही. तिथे होत्या त्या प्रिंट. निगेटिव्ह मुंबईच्या एका लॅबमध्ये होती. लॅब बंद पडली, सामान कुठे गेलं ते कोणी सांगू शकलं नाही. झिजलेल्या प्रिंटवरून कितीही चांगली डिजिटल प्रत करा, निगेटिव्हमधला तपशील तिच्यात उतरत नाही. म्हणून आई-वडील बोलते आहेत तोवर विचारा. निगेटिव्ह कोणाकडे, पावती कोणाच्या नावावर, ध्वनीची फीत वेगळी आहे का? आणि हक्क कोणाचे? १९५७च्या कॉपीराइट कायद्यानं चित्रपटाचा हक्क सहसा निर्मात्याचा, प्रदर्शनानंतर ६० वर्षं. वडील दिग्दर्शक होते, एवढ्यानं तो वारसांकडे येत नाही. त्यांचे करारपत्र रिळांइतकेच जपा.

मोठ्यांचंही असंच गेलं आहे. फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’चं (१९१३) पहिलं आणि शेवटचं रीळच उरलं. शांताराम ज्यात तरुण शेतकरी झाले होते, तो बाबूराव पेंटर यांचा १९२५चा मूकपट ‘सावकारी पाश’ आज पाहायला मिळत नाही. जानेवारी २००३मध्ये पुण्यात जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारातल्या आगीत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची नायट्रेट रिळं जळाली. तरीही माझं मत ठाम आहे, रिळं घरापेक्षा संग्रहालयातच सुरक्षित. तिथल्या थंड खोल्या आपल्याला घरी उभारता येत नाहीत. फक्त देताना लेखी करार करा, हक्क कोणाकडे राहतील ते त्यात स्पष्ट लिहून घ्या, आणि स्कॅनच्या प्रती दोन वेगवेगळ्या गावी ठेवा.

पटकथा, छायाचित्रं, पत्रं यांना इतकी घाई नाही. आधी डब्यांची यादी करा.