पुढची विद्या केव्हा शिकावी?

वाई

चि. भाच्यास,

लेखन, कॅमेरा, संकलन, संगीत सगळं शिकून एकट्याच्या बळावर सिनेमा काढायचा, असं तू लिहितोस. उमेद चांगली आहे. पण कोणती विद्या केव्हा शिकायची, हे आधी ठरव. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवत. त्यांचे भाऊ आनंदराव मेस्त्री यांनी कॅमेरा बनवायला घेतला होता. १९१६ साली आनंदराव वारले. बाबूरावांनी शिष्य दामले यांना हाताशी धरून १९१८ मध्ये तो पुरा केला. दांडा हातानं फिरवायचा. फिल्म सरकायची, क्षणभर थांबायची, तेवढ्यात झडप उघडून मिटायची, आणि हे सेकंदाला सोळाएक वेळा. चित्रकार यंत्राकडे वळला, कारण चित्र हलतं करायला कुंचला अपुरा होता. पुढे पडदेच रंगवणाऱ्या या माणसानं सिनेमात रंगवलेला पडदा बाजूला सारून भरीव सेट उभे केले. पडदा कुठवर पुरतो, हे त्यालाच नेमकं ठाऊक होतं. हातातली विद्या जिथं अडते, तिथंच पुढची शिकावी.

तू म्हणशील, आता सगळं मोबाइलमध्ये आहे, अडायचं कशाला? पण साधन हाताशी आलं म्हणून उणीव कळत नाही. ती काम करतानाच कळते. एकाच कामाच्या गरजेतून न आलेल्या विद्या म्हणजे एक ना धड भाराभर चिंध्या. दुसरा आक्षेप असा, की इतकं येणाऱ्याला इतरांची गरज काय? १९२५ च्या ‘सावकारी पाश’ या सिनेमाची कथा बाबूरावांनी आपल्या कोरेगावच्या ना. ह. आपट्यांकडून घेतली, कारण कर्जात बुडालेला शेतकरी आपट्यांच्या लेखणीला ठाऊक होता. बाबूरावांच्याच हाताखाली दामले, फत्तेलाल, शांताराम तयार झाले आणि १९२९ मध्ये त्यांनी इतर सहकाऱ्यांसह ‘प्रभात’ ही सिनेमा कंपनी काढली. शिष्य गेले ही बाबूरावांची हानी खरीच. पण विद्या स्वतःपाशी ठेवली असती, तर मराठी सिनेमाची त्याहून मोठी हानी झाली असती.

म्हणून नवे वर्ग शोधत बसू नकोस. कृष्णेच्या घाटावर दहा मिनिटांचा एक सिनेमा, आज येतं तेवढ्यावर, पुरा कर. कुठं अडलास ते मला लिही. पुढचा धडा तोच.

तुझा,
मामा