संघ घडतो कोठे?

आपल्या खारघरपासून जवळच, नेरुळच्या डी. वाय. पाटील क्रीडांगणावर २० जानेवारी २०२२ रोजी भारतीय महिला फुटबॉल संघाने आशिया चषकात इराणशी गोलशून्य बरोबरी साधली. तीन दिवसांनी चिनी तैपेईशी सामना होता. परंतु करोनाच्या संसर्गामुळे आवश्यक तेरा खेळाडूही उभ्या राहू शकल्या नाहीत. नियमानुसार यजमान भारताची माघार मानली गेली. खेळाडू मैदानावर हरल्या नव्हत्या, तरी स्पर्धा संपली.

रोगाला आपण दुर्दैव म्हणू. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये जे घडले, ते मात्र माणसांनी घडविलेले होते. अखिल भारतीय फुटबॉल महासंघाच्या अध्यक्षांची मुदत डिसेंबर २०२० मध्येच संपली होती. तरी निवडणूक झाली नाही. मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कारभार प्रशासक समितीकडे सोपविला. त्रयस्थांचा हस्तक्षेप होत असल्याचे कारण देऊन फिफाने महासंघ निलंबित केला. आशियाई स्पर्धेसाठी ताश्कंदला पोहोचलेल्या गोकुलम केरळच्या मुलींना न खेळताच परतावे लागले. २६ ऑगस्टला निलंबन उठले, म्हणूनच ऑक्टोबरमध्ये सतरा वर्षांखालील मुलींच्या विश्वचषकाचा अंतिम सामना नेरुळला होऊ शकला.

येथे इतिहासाकडे वळणे उपयुक्त ठरेल. महासंघाची स्थापना १९३७ ची. १९५१ व १९६२ च्या आशियाई क्रीडास्पर्धांत भारताने सुवर्णपदक मिळविले. १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये चौथे स्थान पटकावले. तेथे ऑस्ट्रेलियाविरुद्ध मुंबईच्या नेव्हिल डिसोझाने तीन गोल केले. या तिन्ही यशांमागील प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम हे मुळात हैदराबादचे शाळाशिक्षक. १९६२ मध्ये जकार्ता येथे, स्वतः कर्करोगाने ग्रासलेले असताना, त्यांनी डोक्याला टाके पडलेल्या बचावपटू जर्नेलसिंग यांना आघाडीवर खेळविले. अंतिम सामन्यातील विजयात जर्नेलसिंग यांचाही गोल होता.

१९६३ मध्ये रहीम गेले. पुढे १९७० च्या कांस्यपदकानंतर आशियाई क्रीडास्पर्धांत पुरुष संघाला फुटबॉलचे पदक मिळालेले नाही. एका गुणी माणसाने जे कमावले, त्याची परंपरा संस्थेने निर्माण केली नाही, असाच याचा अर्थ मला दिसतो. व्यक्तीचे मोठेपण तिच्याबरोबर जाते. नियम, वेळेवर निवडणूक, चोख हिशेब आणि नव्या पिढीचे शिक्षण एवढेच मागे उरते.

५ जुलै २०२५ रोजी आपल्या मुलींनी थायलंडला त्यांच्याच भूमीवर २-१ असे नमविले आणि पात्रता फेरीतून प्रथमच आशिया चषक गाठला. दोन्ही गोल संगीता बासफोर हिचे. त्या अकरा जणींनी आपले काम चोख केले. आता प्रश्न कार्यालयात बसणाऱ्यांचा आहे.

माजी विद्यार्थ्यांनो, तुमच्यापैकी अनेक जण आज मंडळे, पतपेढ्या आणि गृहसंस्था चालवीत आहेत. मुदत संपली की खुर्ची सोडा आणि सभा वेळेवर बोलवा. तुमच्या दिरंगाईची किंमत मैदानात उतरणाऱ्या मुलांनी मोजू नये.