फोर-व्हील ड्राइव्ह ट्रॅक्टर : पुढच्या चाकांची ओढ केव्हा घ्यावी व कशी सांभाळावी



कारंजा तालुक्यातील धनज परिसरातील भारी काळी जमीन आपण सर्व जाणता. चार दिवस झड लागली की वावर तर सोडाच, पांदणीतूनही ट्रॅक्टर निघत नाही. मागची चाके जागच्या जागी फिरतात, टायरच्या कंगोऱ्यांत चिखल गच्च भरतो आणि ट्रॅक्टर अधिकाधिक खाली बसत जातो. म्हणूनच अलीकडे नवीन ट्रॅक्टर घेताना "फोर-व्हील घ्यावा का?" हा प्रश्न बरेच शेतकरी विचारतात. ज्यांनी असा ट्रॅक्टर घेतला आहे, त्यांचा प्रश्न वेगळा असतो. पुढचे टायर इतक्या लवकर का झिजतात, असे ते विचारतात.

हा दुसरा प्रश्न माझ्या स्वतःच्या घरचा आहे. आमच्या घरी फोर-व्हील ट्रॅक्टर आला तेव्हा पहिला खरीप आनंदात गेला. पांदणीत अडकलेल्या दोन-तीन ट्रॉल्याही त्याने बाहेर काढल्या. मात्र पुढच्या चाकांची ओढ लावणारा दांडा एकदा जो लावला, तो कोणी काढलाच नाही. सोयाबीन निघाले, तूर निघाली, सगळा माल डांबरी रस्त्याने त्याच अवस्थेत बाजारात गेला. पुढच्या जून महिन्यात पाहतो तो पुढच्या टायरचे कंगोरे निम्मे झिजलेले आणि मागचे टायर मात्र जवळजवळ नव्यासारखे. कृषी विद्येचा पदव्युत्तर अभ्यास केलेल्या माणसाच्या घरी हे घडले! दोष ट्रॅक्टरचा नव्हता, आमच्या समजुतीचा होता.

पुढच्या चाकांना शक्ती कशी मिळते

साध्या ट्रॅक्टरमध्ये इंजिनची शक्ती क्लच, गिअरबॉक्स, क्राऊन-पिनियन व डिफरन्शियल या मार्गाने फक्त मागच्या चाकांना मिळते. पुढची चाके केवळ दिशा देण्यासाठी असतात. फोर-व्हील ट्रॅक्टरमध्ये गिअरबॉक्सला एक जादा गिअर जोडलेला असतो. दांडा लावला की तो गिअर गुंततो आणि ट्रॅक्टरच्या पोटाखालून जाणारा शाफ्ट पुढच्या आसाला फिरवू लागतो. पुढच्या आसातही वेगळे डिफरन्शियल असते, त्यामुळे वळताना डावे व उजवे चाक कमी-जास्त फिरू शकते.

परंतु पुढचा आस आणि मागचा आस यांच्या मध्ये असे काही नसते. दांडा लावल्यावर दोन्ही आस गिअरने पक्के बांधले जातात. मागचे चाक एक फेरा फिरले की पुढच्या चाकाने ठरलेले तेवढे फेरे फिरलेच पाहिजेत, मग खाली चिखल असो की डांबर. या लेखातील पुढचे बहुतेक सर्व या एका गोष्टीतून निघते.

वळताना पुढच्या चाकांना मागच्या चाकांपेक्षा लांबचा मार्ग कापावा लागतो. म्हणून ट्रॅक्टर तयार करतानाच पुढच्या चाकांना थोडी जास्त गती दिलेली असते. पुढची चाके जमिनीवर मोकळी फिरली असती त्यापेक्षा साधारण शेकडा 1 ते 5 इतकी जास्त फिरतात. याला आपण पुढच्या चाकांची आघाडी म्हणू. मऊ वावरात ही आघाडी उपयोगाची असते, कारण माती थोडी सरकते आणि फरक त्यात जिरतो. डांबर सरकत नाही. समजा आघाडी शेकडा 3 आहे, तर एक किलोमीटर डांबरी रस्त्यावर पुढच्या टायरला 30 मीटर जास्त जायचे असते आणि जाता येत नाही. मग तेवढा तो घासतो. जो फरक घासून निघत नाही, त्याचा पीळ शाफ्ट, गिअर व बेअरिंग यांच्यात साठतो.

जुन्या जीपची आठवण येथे उपयोगी पडेल. दुसऱ्या महायुद्धात 1941 पासून विलिस जीप मोठ्या संख्येने तयार झाली आणि स्वातंत्र्यानंतर महिंद्रने ती मुंबईत जोडण्यास सुरुवात केली. या जीपमध्ये मुख्य गिअरच्या दांड्याशेजारी आणखी दोन लहान दांडे असत. त्यांपैकी एक पुढची चाके जोडण्यासाठी होता. जाणता ड्रायव्हर चिखल किंवा नाला आला की तो लावी आणि पक्का रस्ता लागताच काढी. ट्रॅक्टरलाही तोच नियम लागू आहे. आज काही मोटारी चारही चाकांवर डांबरी रस्त्याने कायम चालतात, हे खरे. परंतु त्यांच्या पुढच्या-मागच्या आसांमध्ये हा फरक सामावून घेणारी वेगळी जोडणी असते. मोटारीचे पाहून ट्रॅक्टरचे अनुकरण करू नये.

दांडा लावताना व काढताना

चाके सरळ असताना, क्लच पूर्ण दाबून, ट्रॅक्टर उभा असताना किंवा अगदी हळू चालत असताना दांडा लावावा. मागची चाके वेगाने घसरत असताना दांडा लावल्यास गिअरच्या दातांना मार बसतो. चिखल दिसल्यावर लावावा, रुतल्यावर नव्हे. पुष्कळदा दांडा काढताना तो निघत नाही आणि ड्रायव्हर जोर लावतो किंवा पायाने ढकलतो. असे करू नये. वर सांगितलेला पीळ साठल्यामुळे तो अडकलेला असतो. चाके सरळ करून ट्रॅक्टर दोन-तीन मीटर मागे घ्यावा, पीळ सुटतो व दांडा सहज निघतो.

धुऱ्याजवळ वळताना एका बाजूचा ब्रेक दाबून जागेवर फिरण्याची सवय अनेकांना आहे. पुढची ओढ लावलेली असताना तसे वळू नये, जरा मोठा वळसा घ्यावा. डिफरन्शियल लॉक लावून तर मुळीच वळू नये.

एक अपवाद मात्र लक्षात ठेवावा. नाल्याकडे उतरणाऱ्या ओल्या पांदणीत भरलेली ट्रॉली मागे असेल तर दांडा लावूनच उतरावे. आपल्याकडील बहुतेक ट्रॅक्टरचे ब्रेक फक्त मागच्या चाकांवर असतात. ओढ लावलेली असली की आसांच्या जोडणीमुळे पुढची चाकेही रोखली जातात आणि ट्रॉली ट्रॅक्टरला ढकलत नाही.

चार टायर म्हणजे एकच संच

फोर-व्हील ट्रॅक्टरचा टायर हा एक प्रकारचा गिअरच समजावा. त्याचा घेर बदलला की आघाडी बदलते. 45 ते 50 अश्वशक्तीच्या ट्रॅक्टरला पुढे 8.00-18, 8.3-20 किंवा 9.5-24 आणि मागे 13.6-28 किंवा 14.9-28 अशी मापे आढळतात. परंतु कोणत्या मागच्या मापाबरोबर कोणते पुढचे माप, हे त्या ट्रॅक्टरच्या गिअरवर ठरलेले असते. दुकानात स्वस्त मिळाला म्हणून दुसऱ्या मापाचा टायर बसवू नये. हवासुद्धा पुस्तिकेत दिल्याप्रमाणेच असावी, कारण हवा कमी झाली की घेर कमी होतो.

आघाडी घरच्या घरी मोजता येते. एक खडू आणि दोन माणसे पुरेत. औजार काढून ट्रॅक्टर सपाट, भुसभुशीत वावरात आणावा. एका मागच्या व एका पुढच्या टायरवर खडूने खूण करावी. दांडा लावून सरळ रेषेत मागचे चाक बरोबर 20 फेरे फिरेपर्यंत चालवावे आणि दुसऱ्या माणसाने पुढच्या चाकाचे फेरे मोजावेत. नंतर दांडा काढून तेच पुन्हा करावे. समजा दांडा लावल्यावर पुढचे चाक पावणेअठ्ठावीस फेरे फिरले आणि दांडा काढल्यावर 27. फरक पाऊण फेऱ्याचा, म्हणजे आघाडी जवळजवळ शेकडा पावणेतीन. हे ठीक आहे.

आमच्या झिजलेल्या टायरवर आम्ही हे मोजले तेव्हा दोन्ही वेळा पावणेअठ्ठावीसच भरले. आघाडी शून्य! ट्रॅक्टर सरळ रेषेत कसाबसा चाले, परंतु वळताना पुढची चाके ओढण्याऐवजी घसटत ढकलली जात आणि स्टिअरिंग जड होई. त्या आधीचे कित्येक दिवस आम्ही स्टिअरिंगचाच दोष शोधत बसलो होतो. पुढची जोडी त्याच मापाची नवीन बसवल्यावर आघाडी पूर्ववत झाली. याच्या उलट, मागचे टायर गुळगुळीत झालेले आणि पुढचे नवे असतील तर आघाडी शेकडा 5 च्या वर जाते व नवे टायर लवकर संपतात. शक्यतो चारही टायर एकाच सुमारास बदलावेत. ते परवडत नसेल तर निदान जोडी बदलल्यावर मोजून पाहावे. बसवताना टायरवरील बाण पुढच्या दिशेने आहे ना, तेही पाहावे. उलटा बसवलेला टायर चिखल बाहेर फेकत नाही.

पुढच्या आसाची निगा

साध्या ट्रॅक्टरच्या पुढच्या आसाला ग्रीस दिले की काम भागते. येथे मात्र आसात व दोन्ही हबमध्ये गिअर असतात आणि ते तेलात चालतात. नवीन ट्रॅक्टरचे पहिले तेल पुस्तिकेत दिलेल्या तासांना न चुकता बदलावे, कारण सुरुवातीला गिअर घासून निघालेले बारीक लोखंड त्यात असते. पुढे इंजिनचे तेल बदलताना प्रत्येक वेळी आसाचे व हबचे तेलही पाहावे. तेल ताकासारखे पांढुरके दिसले तर पाणी शिरले असे समजावे व ते लगेच बदलावे.

पाणी शिरते कोठून? पुढच्या आसावर हवा आत-बाहेर जाण्यासाठी एक लहानशी टोपी असते, तिला ब्रीदर म्हणतात. ती बोटाच्या पेराएवढी असल्याने तिच्याकडे कोणी पाहत नाही आणि पहिल्याच चिखलात ती बुजते. काम करून आस तापलेला असतो. तसाच ट्रॅक्टर नाल्याच्या थंड पाण्यात उतरला की आतील हवा आकसते. टोपी बुजलेली असल्यामुळे हवा आत येऊ शकत नाही आणि ऑइल सीलच्या कडेने पाणी ओढले जाते. पावसाळ्यात दर आठवड्याला ही टोपी काढून डिझेलने धुवावी. हे काम पाच मिनिटांचे आहे.

हबजवळ गुंडाळलेल्या पराट्या, सोयाबीनचे कुटार व ठिबकच्या बारीक नळ्या रोज काढून टाकाव्यात. प्लॅस्टिकची सुतळी तर सुरीसारखी सील कापते. शाफ्टच्या जोडांना व चाक वळण्याच्या खिळ्यांना चिखलाच्या दिवसांत रोज ग्रीस द्यावे. जुने ग्रीस मातीसह बाहेर येईपर्यंत गन चालवावी.

वजन व घसरण

ओढ लावली तरी चाक जमिनीवर दाबले गेले नाही तर ते नुसतेच फिरते. साध्या ट्रॅक्टरच्या एकूण वजनापैकी शेकडा 30 ते 35 पुढे असते. फोर-व्हीलमध्ये ते 40 ते 45 असावे. मागे रोटाव्हेटर किंवा रुंद वरंबा सरी यंत्र उचलले की पुढचा भाग हलका होतो, म्हणून पुढील वजनाच्या पाट्या काढून ठेवू नयेत.

घसरणही खडूनेच मोजावी. औजार उचलून मागच्या चाकाच्या 10 फेऱ्यांत ट्रॅक्टर किती जातो ते मोजावे, समजा 40 मीटर. मग औजार जमिनीत घालून पुन्हा 10 फेरे मोजावेत. 32 मीटर आले तर घसरण शेकडा 20, म्हणजे पाच फेऱ्यांपैकी एक फेरा वाया. दांडा लावून 36 मीटर आले तर घसरण 10. फोर-व्हीलसाठी 8 ते 12 ही घसरण योग्य धरतात. ती दांडा न लावताच 10 च्या आसपास येत असेल, तर त्या कामाला पुढच्या ओढीची गरज नाही. मुरमाड, हलक्या जमिनीत पाच-सहा एकरांचे काम असणाऱ्याने म्हणूनच जास्तीचा पैसा फोर-व्हीलमध्ये घालण्यापूर्वी विचार करावा, असे माझे मत आहे.

जाता येते, पण जावे का?

मी यंत्रांचा नव्हे, पिकांचा अभ्यासक असल्याने मला खरी काळजी वाटते ती येथे. साधा ट्रॅक्टर ओल्या वावरात जातच नव्हता, त्यामुळे वाफसा येईपर्यंत आपोआप थांबणे घडत असे. फोर-व्हील ट्रॅक्टर वाफसा नसतानाही आत जातो. काळ्या जमिनीतील चिकणमाती ओली असताना दाबली गेली की तिच्यातील हवेच्या पोकळ्या मिटतात. वरून रोटाव्हेटरने माती छान दिसते, पण खालचा थर घट्ट होतो. पाणी मुरत नाही, सोयाबीन पिवळे पडते, तुरीचे सोटमूळ खाली न जाता आडवे वळते. जमीन दबते ती बरीचशी चाकाच्या पहिल्याच फेरीत. म्हणून वावरात शक्यतो त्याच त्या चाकोरीने फिरावे. रुंद वरंबा सरी पद्धतीत चाके सरीतून जातात व वरंबा दाबला जात नाही, हा तिचा एक दुर्लक्षित फायदा आहे.

पेरणी 75 ते 100 मिलिमीटर पाऊस झाल्यावर आणि वाफसा आल्यावरच करावी. वीतभर खोलीवरची मूठभर माती घ्यावी, दाबून गोळा करावा आणि कमरेइतक्या उंचीवरून खाली सोडावा. गोळा फुटून मोकळा झाला तर ट्रॅक्टर आत घालावा. न फुटता चपटा झाला तर ट्रॅक्टर धुऱ्यावरच उभा ठेवावा, आणि तेवढ्या वेळात पुढच्या हबचे प्लग उघडून तेल पाहून घ्यावे.